शिगेची बाजू

विशीत फिल्म सोसायटीच्या एका खेळाला यासुजिरो ओझूचा ‘टोकियो स्टोरी’ (१९५३) पाहिला आणि सव्वादोन तास फुकट गेले असं वाटलं. ओनोमिचीहून म्हातारा-म्हातारी टोकियोला मुलांकडे येतात. थोरला डॉक्टर, मुलगी शिगे ब्यूटी पार्लर चालवते. दोघांनाही सवड नसते, म्हणून आईवडिलांची रवानगी आतामीच्या गजबजलेल्या हॉटेलात होते. युद्धात गेलेल्या मुलाची बायको नोरिको तेवढी मायेनं वागते. ‘नटसम्राट’ डोक्यात भिनलेला. मी शिगेला कैकेयी ठरवून मोकळी झाले.

पन्नाशीत पुन्हा पाहताना शिगेचं एक बोलणं पहिल्यांदा ऐकू आलं. वडील जुन्या मित्रांबरोबर पिऊन रात्री तिच्या दारात येतात, पार्लरच्या खुर्चीतच पेंगतात. ती चिडून नवऱ्याला सांगते की, पूर्वीही हे असेच पिऊन यायचे, आईला त्रास द्यायचे, धाकटी क्योको झाल्यावर कुठे थांबले. बस, एवढंच. ओझू भूतकाळ दाखवत नाही. पण वडील झालेल्या चिशू रियूच्या ज्या शांत हसण्यावर मी जीव टाकला होता, त्यामागे एका लहान मुलीनं जागून काढलेल्या रात्री आहेत.

त्याच रात्री वडील मित्रांपाशी मुलाबद्दल मन मोकळं करतात: मोठा डॉक्टर झाला असेल वाटलं होतं, निघाला गल्लीतला. म्हणजे अपेक्षाभंग एकट्या आईवडिलांच्या वाट्याला आलेला नाही, त्यांनीही तो मुलांवर लादला आहे. नोरिकोसुद्धा सासऱ्यांना सांगते की, मी स्वार्थी आहे, नवऱ्याची आठवण न येता दिवस जातात. विशीत मला हा विनय वाटला होता. ती खरं बोलत होती.

जमिनीलगत बसलेला ओझूचा कॅमेरा जवळजवळ हलत नाही, कुणाची बाजू घेत नाही. तरुणपणी मला निकाल हवा होता. तो मिळेना, म्हणून मी सिनेमाला संथ म्हटलं.

सिनेमाच्या शेवटाकडे आई मरणपंथाला लागते; ती सकाळ पाहणार नाही हे कळल्यावर शिगेला रडू कोसळतं. अंत्यविधीनंतर जेवताना ती आईचे कपडे मागते. विशीत मला फक्त ते मागणं दिसलं होतं. माझी आई गेली तेव्हा तिची हिरवी इरकल मी तेराव्याच्या आतच वहिनीकडे मागितली. ती अजून नेसलेली नाही.