कोयता, यंत्र आणि उरलेला ऊस

जुन्नर-आंबेगावच्या शेतीत यंत्र आले ते सपाट जमीन, सरळ ओळी आणि मालकाच्या हाती भांडवल बघून. चिखलात उतरून, वाकून, एकेक फळ पारखून करायचे काम माणसांकडेच राहिले. त्यामुळे यंत्राने रोजगार गेला का, हे ठरवायचे तर कोणाचा आणि कोणत्या महिन्यांतला गेला, तेही पाहावे लागते.

तंत्र बदलले की हात रिकामे होतात, हे जुन्नरने पूर्वीही अनुभवले आहे. पेशवाईत इथला हातकागद नावाजलेला होता. कागदी मंडळी चिंध्या आणि जुनी तरटे चुन्यात भिजवत, कुटत, धुऊन लगदा करत. चाळणीवर ताव उचलून वाळवत, खळ लावून घोटत. गिरणीचा कागद स्वस्तात मिळू लागला आणि हा धंदा बसला. तिथे एक सबंध कसब डोळ्यांदेखत संपले. शेतीत काम तुकड्यातुकड्याने जाते आणि गेल्याची नोंद कुठेच होत नाही.

खुरपणीचे तसेच झाले. कुकडी प्रकल्पाच्या येडगाव, माणिकडोह, वडज, पिंपळगाव जोगे आणि डिंभे या धरणांनी पूर्वेकडचा पट्टा बागायती केला. टोमॅटो, कांदा, द्राक्षे, ऊस वाढला. डिंभ्याच्या पाण्याखाली वरच्या खोऱ्यातल्या आदिवासींची भातखाचरे गेली, हेही सांगायलाच हवे. भाताचे काम उरकले की पश्चिमेकडची महादेव कोळी आणि ठाकर कुटुंबे नारायणगावच्या मजूर बाजारात उतरतात. रोजाने की उक्ते, ने-आण कोणाची, हे तिथे सकाळी उभ्याउभ्या ठरते. तणनाशक आले, मल्चिंग पेपर आला, ठिबकने ओळीबाहेरची जमीन कोरडी राहू लागली, तशी खुरपणी घटली. ती बायकांची मजुरी होती. कमी पैशांची, पण सलग मिळणारी. टोमॅटोची बांधणी आणि तोडणी, कांद्याची लागण आणि काढणी ही कामे टिकून आहेत, पण ती घाईची आणि थोड्या दिवसांची. मधले रिकामे दिवस मजुराने काढायचे.

उसात यंत्राचा पल्ला मोठा आहे. निवृत्तीनगरचा विघ्नहर आणि पारगावचा भीमाशंकर या सहकारी कारखान्यांच्या परिसरात बीड, अहिल्यानगर अशा जिल्ह्यांतून टोळ्या येतात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. घर सोडण्याआधीच मुकादमाकडून उचल घेतलेली असते आणि हंगामभर ती फेडायची असते. एक कोयता दिवसाला दीड-दोन टन ऊस तोडतो. यंत्र शंभर टनांच्या आसपास. म्हणजे एका यंत्रामागे पन्नास ते पासष्ट जोड्यांचे काम.

हे काम जसेच्या तसे टिकावे, असे कोणी म्हणू नये. पहाटेच्या थंडीत तोडणी सुरू होते. मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून ट्रकवर चढवावी लागते, कित्येकदा रात्री. बायकांना त्यातच स्वयंपाक, पाणी आणि मुले सांभाळायची असतात. जुन्नर वन विभागात उसाच्या फडात बिबट्याची पिल्ले सापडणे नित्याचे आहे. मग कोयता थांबतो, वनखात्याला कळवले जाते, आणि मादीने न्यावीत म्हणून पिल्ले त्याच जागी परत ठेवली जातात. फडालगतच्या कोप्यांत राहणाऱ्या मजुरांच्या मुलांवर बिबट्याचे हल्ले झाले आहेत. ही जोखीम संपणे ही यंत्राच्या बाजूची सर्वांत वजनदार गोष्ट आहे.

पण यंत्राचे लाभ आणि तोटे एकाच घरात पडत नाहीत. २०२३ मध्ये राज्य शासनाने ९०० तोडणी यंत्रांसाठी योजना आणली. अनुदान किमतीच्या ४० टक्के किंवा कमाल ३५ लाख रुपये. कोटीच्या घरातले यंत्र घेणारा मजूर नसतो. यंत्रावर चालक आणि मदतनीस लागतात. ती कामे पुरुषांना मिळतात. जोडीतली बाई हिशेबातून गळते. वाढे, म्हणजे उसाचा हिरवा शेंडा, तेही जाते. कोयत्याने तोडलेल्या उसाचे वाढे विकून मजुराचा रोजचा मीठमिरचीचा खर्च निघतो आणि गावातल्या गोठ्याला हिरवा चारा मिळतो. यंत्र ते कापून पाचटाबरोबर रानात पसरते. जमिनीला त्या पाचटाचा फायदा होतो, हे खरेच.

यंत्र सगळा ऊस तोडतही नाही. त्याला चार-पाच फुटांची सरी, वळायला जागा आणि घट्ट जमीन लागते. वाटण्यांनी तुकडे झालेली राने, बांधाकडचा ऊस, पडलेला ऊस, ओल न हटलेले वावर, हे सगळे कोयत्याच्या वाट्याला येते. अशा फडात टन भरायला वेळ जास्त लागतो. जानेवारी २०२४ च्या करारात तोडणीचा दर ३४ टक्क्यांनी वाढून टनाला ३६६ रुपये झाला. तो टनावर आहे, फडाच्या अवघडपणावर नाही. सोपा ऊस यंत्राकडे गेला की त्याच दरात जोडीची दिवसाची कमाई घटते आणि उचल फिटायला हंगाम पुरत नाही. पडलेल्या आणि तुकड्यातल्या उसाला वेगळा, चढा दर ठरवणे हे कारखाने आणि मजूर संघटनांच्या पुढच्या कराराचे काम आहे. यंत्राच्या अनुदानालाही अट हवी: ज्या टोळ्यांचे फड यंत्राने घेतले, त्यांच्यातल्या स्त्री-पुरुष दोघांनाही यंत्र चालवण्याचे आणि दुरुस्तीचे शिक्षण आधी मिळावे.