सावकार नसलेले ऋण

मध्य अमेरिकेतील कोस्टा रिका या देशात मॉन्तेव्हेर्दे नावाचा डोंगराळ प्रदेश आहे. समुद्राकडून येणारे ढग तेथे झाडांच्या फांद्यांत अडकून राहतात. पाऊस नसतानाही पानांवरून पाणी ठिबकत असते. या मेघवनातील काही चौरस किलोमीटरांच्या टापूत दोन इंचांचा एक भेक जातीचा बेडूक राहत असे. नर अंगभर झळझळीत नारिंगी. सॅव्हेज या प्राणिशास्त्रज्ञाने १९६६ साली त्याचे शास्त्रीय वर्णन केले, तेव्हा याला कुणी रंगात बुडवून तर काढले नाही ना, अशी शंका त्यालाच आली होती.

वर्षाचे बहुतेक महिने हा जीव जमिनीखाली दडलेला असे. पहिल्या सरी पडल्या की बाहेर यायचा, झाडांच्या मुळांतल्या डबक्यांत अंडी घालायचा आणि दिसेनासा व्हायचा. १९८७ साली मार्था क्रम्प यांना तेथे दीड हजारांहून अधिक भेक दिसले. १९८८ साली सारे मिळून दहा. १५ मे १९८९ रोजी एकच नर. पुढे कुणालाच काही दिसले नाही व २००४ साली ती जात नामशेष म्हणून नोंदली गेली.

आम्हांला बोचते ते पुढेच आहे. या रानावर कुऱ्हाड चालली नव्हती. युद्ध हे पाप मानणारी क्वेकर पंथाची काही कुटुंबे १९५१ साली अमेरिकेतून येथे येऊन वसली, कारण या देशाने नुकतेच आपले सैन्य बरखास्त केले होते. गाई पाळाव्यात, चीज करावे, हा त्यांचा उद्योग. झरे आटू नयेत म्हणून डोंगरमाथ्याचे रान त्यांनी राखले. १९७२ साली तेथे अभयारण्य झाले. एवढी राखण असूनही भेक गेला. १९८७ च्या कोरड्या हंगामात डबकी आटली, हे एक कारण सांगतात. बेडकांच्या व्यापाराबरोबर जगभर पसरलेली कातडीची बुरशी, हे दुसरे. तापत चाललेली हवा, हे तिसरे. कोणाचा वाटा किती, यावर विद्वानांचा वाद आहे.

पाप घडण्यास ज्ञान व संमती लागते, असे सेमिनरीत आम्ही शिकलो. या कसोटीने येथे पापी कुणीच नाही. उद्या कुणी पापनिवेदनात हा भेक घेऊन आला, तर प्रायश्चित्त काय द्यावे हे आम्हांला सुचणार नाही. पण दोष नाही म्हणून देणेही नाही, हे आम्हांला पटत नाही. बापाने काढलेले कर्ज मुलगा फेडतोच. आपण ते काढले नव्हते, असे म्हणून तो गावात तोंड वर करून फिरत नाही. येथे पंचाईत एवढीच की, सावकारच मेला आहे.

‘फादर, माणसांचे हाल संपत नाहीत, तिथे बेडकाचे काय घेऊन बसलात?’ असे कुणी म्हणेल. प्रश्न खोटा नाही. मात्र देवाचे चांगुलपण कोणत्याही एका प्राण्यात मावत नाही, म्हणून त्याने अनेक व निरनिराळे निर्माण केले, असे संत थॉमस अक्विनास यांनी मांडले आहे. जी जात संपते, ती आपल्या असण्याने देवाचे जे स्तवन करीत होती तेही संपते, हे पोप फ्रान्सिस यांनी २०१५ सालच्या ‘लाउदातो सी’ या परिपत्रकात लिहिले. त्या स्तवनाची भरपाई मनुष्याला करता येत नाही. आम्ही तर वेदीवर उभे राहून रोज तेच करतो, तरीही.

त्याच रानातला ओढ्याकाठचा एक लहानसा तपकिरी बेडूकही संपला, असे समजत होते. सुमारे वीस वर्षांनी, २००७ साली, तो पुन्हा आढळला. दिसायला अगदी सुमार. रंगात बुडवल्याची शंका त्याच्याबाबत कुणालाही आली नसती.