प्रतीकाचे भाषांतर

योहानाच्या शुभवर्तमानात येशू स्वतःस द्राक्षवेल व शिष्यांस तिचे फाटे म्हणवितो. हिंगण्याच्या शिवारात कापूस दिसेल, संत्र्यांच्या बागा दिसतील. द्राक्षवेल मात्र तेथील शेतकऱ्याच्या नित्य पाहण्यातली नव्हे. हे वचन ऐकून त्याच्या मनात काय उभे राहावे? संत्र्याचे झाड म्हणावे, तर चित्र उभे राहते आणि मूळ प्रसंग हातचा जातो. मग प्रतीकाचे भाषांतर करावे काय, आणि तो अधिकार कोणाचा?

मराठीत हा प्रश्न चारशे वर्षांचा आहे. जेजुइट पाद्री फादर स्टीफन्स यांचे ओवीबद्ध ‘क्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये गोव्यात रायतूर येथे छापले गेले. त्यात ख्रिस्ती स्वर्गास ‘वैकुंठ’ म्हटले आहे. शब्द हे काही भांडे नव्हे, की जुने ओतून नवे भरावे. वैकुंठ म्हणताच शेष आणि लक्ष्मी आपोआप येतात. त्यातून साष्टीतील देवळे १५६७ मध्ये पाडली गेली होती. ज्यांची पुराणे गेली, त्यांनाच पुराणाच्या रूपाने नवा धर्म ऐकविण्यात आला. भाषेवरील स्टीफन्सांचे प्रेम खरे होते, याविषयी मला शंका नाही. तथापि ज्याचे घर आपल्याच पक्षाने मोडले, त्याच्याच घरातला दिवा उचलून आणणे हे निव्वळ प्रेमाचे कृत्य म्हणवत नाही.

परंतु गोष्ट येथे संपत नाही. जुन्या छापील प्रती नाहीशा झाल्या, आणि १९०७ ची मंगळूरची आवृत्ती सिद्ध करावी लागली ती हस्तलिखितांवरून. एवढा प्रचंड ग्रंथ हाताने उतरवून ठेवणारे केवळ आज्ञेचे धनी खास नव्हते. दिवा त्यांनी पुन्हा आपला केला होता.

रेव्हरंड ना. वा. टिळकांची गोष्ट निराळी. नागपूरहून राजनांदगावास जाताना आगगाडीत एका गोऱ्या प्रवाशाने त्यांना नवा करार दिला. १८९५ मध्ये मुंबईस त्यांनी बाप्तिस्मा घेतला. पुढे त्यांनी ख्रिस्ताला ‘माउली’ म्हटले, उपासनेत कीर्तन आणले. वारकऱ्यांचा शब्द त्यांनी पळविला, असा आक्षेप घेता येईल; मला तो पटत नाही. धर्म बदलला म्हणून बालपणी कानी पडलेली वाणी परकी होत नाही.

प्रभुभोजनातील रोटीस मराठी बायबलात ‘भाकर’ म्हटले आहे. मूळची ती गव्हाची. वऱ्हाड-नागपुराकडील वाचकास मात्र ज्वारीचीच दिसते, आणि ती मोडताना होणारा आवाजही त्याच्या ओळखीचा असतो.