नियमांचा कलह

एकाच ठिकाणी दोन नियम लागू होऊ पाहतात, तेव्हा कोणता मानावा, हा प्रश्न न्यायाधीशाइतकाच वैयाकरणालाही छळतो. पाणिनीने सुमारे ४००० सूत्रांत संस्कृत भाषा बांधली आणि अशा प्रसंगासाठी पहिल्याच अध्यायात व्यवस्था केली की, तुल्यबल नियमांत जो ‘पर’ असेल तो चालावा. परंपरेने ‘पर’ म्हणजे सूत्रपाठात मागाहून आलेला, असे मानिले. पण तेवढ्याने काही ठिकाणी नको ते रूप सिद्ध होऊ लागले. तेव्हा पतंजलीने महाभाष्यात ‘पर’ शब्दाचा अर्थ ‘इष्ट’ असाही लाविला.

व्याकरणात हे खपून जाते. तेथे इष्ट काय, ते शिष्टांच्या बोलण्यावरून आधीच ठाऊक असते. राज्यकारभारात मात्र मला या ‘इष्टा’ची धास्ती वाटते. तेथे लगेच विचारावे लागते, कोणाला इष्ट?

आपल्या राज्यघटनेचा २५४ वा अनुच्छेद पाहा. समवर्ती सूचीतील विषयावर संसदेचा व राज्याचा कायदा परस्परविरुद्ध असल्यास संसदेचा चालतो. मात्र राज्याच्या कायद्यास राष्ट्रपतींची अनुमती मिळाली असेल, तर तो त्या राज्यापुरता टिकतो, आणि तोही संसदेने पुन्हा वेगळे ठरवीपर्यंतच. अपवाददेखील लिहून ठेविला आहे, कोणाच्या मर्जीवर सोडलेला नाही.

लिहिल्याने वाद मिटतो असे नव्हे. पाणिनीच्या त्या ‘पर’ शब्दाचा निराळाच अर्थ मांडणारा केंब्रिजचा एक प्रबंध २०२२ साली गाजला, आणि त्यावरही आक्षेप आलेच. पण सूत्र सर्वांसमोर होते, म्हणून एका विद्यार्थ्यालाही दोन सहस्र वर्षांच्या पंडितांशी वाद घालता आला.