आधी देणे, मग वाटणी

आपल्याकडे जनाज्याच्या नमाजेपूर्वी मुलगा सफांसमोर उभा राहतो आणि सांगतो, "मरहूमकडे कुणाचे देणे असेल तर माफ करावे, नाहीतर माझ्याकडे यावे." बापाचा गुन्हा मुलाच्या माथी येत नाही, पण तरक्याची वाटणी बापाचे कर्ज फेडल्यावरच होते. शरीयतने या दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या आहेत.

हेच माप ब्रिटनला लावून पाहावे. तिथे वसाहतींचा विषय निघाला की उत्तर येते, ते पूर्वजांनी केले, आमचा काय दोष? दोष नसेलही. पण तरका कोणाकडे आहे?

आपला वाशिम जिल्हा वऱ्हाडातला. 1853 मध्ये कंपनीने निजाम नासिरुद्दौला यांच्याकडून वऱ्हाड घेतले ते कर्जापोटीच. हैदराबाद कंटिंजंट या फौजेचा खर्च थकला होता. 1860 च्या तहात 50 लाखांचे कर्ज माफ झाले, तरी वऱ्हाड परत मिळाले नाही. 1902 मध्ये तर नातू महबूब अली खान यांच्याकडून वर्षाला 25 लाखांवर कायमचा पट्टा लिहून घेतला. आजोबाचे देणे नातवापर्यंत पोचते हे इंग्रजांना चांगले माहीत होते.

स्वतःच्या घरीही माहीत होते. 1833 मध्ये गुलामगिरी बंद करण्याचा कायदा करताना त्यांनी 2 कोटी पौंड भरपाई ठरवली, ती गुलामांना नव्हे, मालकांना. त्यासाठी काढलेले कर्ज 2015 मध्ये पूर्ण फिटले. मालकांसाठीचे देणे पिढ्यान्‌पिढ्या चालले. राबणाऱ्याचे देणे मात्र 'इतिहास' झाले.

2013 मध्ये केनियातील माऊ माऊ बंडाच्या काळात छळ सोसलेल्या 5,228 जणांसाठी ब्रिटिश सरकारने 1 कोटी 99 लाख पौंड मान्य केले, खेदही व्यक्त केला. तोही म्हातारे दावेदार लंडनच्या कोर्टात गेल्यावर, आणि कायदेशीर जबाबदारी नाकारूनच.

हक्कुल इबादचा नियम आपण मुलांना शिकवतो: अल्लाह आपला हक्क माफ करील, पण बंद्याचा हक्क बंद्यानेच माफ करायचा असतो. देणेकरी स्वतःला माफी देऊ शकत नाही. साम्राज्य गेले तरी त्याच्या वारसांकडे हे ओझे उरले आहे.

ही कसोटी आपल्यालाही लागू आहे. बापाच्या शेतातला बहिणीचा हिस्सा देताना आपणही 'रिवाज असाच होता' म्हणतो. जनाज्यापुढचे ते वाक्य ऐकायला बहीण सफेत नसते. ती घरात बसलेली असते. तिला कोण विचारतो?