यशोदेने पाहिले ते

प्रातःकाळी शय्या सोडताना भूमीवर पाऊल ठेवण्यापूर्वी तिला वंदन करून क्षमा मागावी, ही आपली पूर्वापार रीत आहे. परंतु कडेवरच्या बाळाला आई सबंध कधी दिसत नाही, तशीच ही भूमाताही आपल्याला सबंध दिसत नाही.

तिच्या पूर्णदर्शनाचा एक विलक्षण योग २४ डिसेंबर १९६८ रोजी आला. अमेरिकेच्या ‘अपोलो ८’ यानातून फ्रँक बोरमन, जेम्स लोवेल व विल्यम अँडर्स हे तिघे चंद्राला प्रदक्षिणा घालीत होते. चंद्राच्या उजाड, करड्या भूमीची छायाचित्रे घेणे हे त्यांना नेमून दिलेले काम. चौथ्या प्रदक्षिणेत त्या भूमीच्या कडेवरून निळी-पांढरी पृथ्वी उगवताना दिसली. अँडर्स यांनी लगबगीने रंगीत फिल्म मागून घेतली व ते दृश्य टिपले. लोवेल यांनी हात पुढे धरला, तर एका अंगठ्याआड ती सारी झाकली जाई! सप्तसागर, हिमालय, सर्व तीर्थक्षेत्रे आणि तीनशे कोटींहून अधिक माणसे त्या अंगठ्यामागे.

श्रीमद्भागवताच्या दशम स्कंधात यशोदामाता बाळकृष्णाच्या मुखात विश्व पाहते. (तक्रार माती खाल्ल्याची होती, हेही लक्षात घ्यावे.) त्या विश्वात पर्वत, समुद्र, तारे होतेच, पण तिचे व्रज होते आणि ती स्वतःही होती. हा शेवटचा तपशील कथा ऐकताना बहुधा निसटतो. माता गोंधळली ती तेव्हा.

अँडर्स यांच्या चित्रात न दिसणारी एक गोष्ट आहे. पृथ्वीचा व्यास सुमारे १२,७४० किलोमीटर; तिच्या हवेचा तीन-चतुर्थांश भाग मात्र भूपृष्ठालगतच्या अवघ्या ११ किलोमीटरांत सामावला आहे. पृथ्वी सोललेल्या नारळाएवढी कल्पिली, तर हा थर साध्या कागदाच्या जाडीचा भरेल. जिवांचा श्वास तेथेच, उदबत्तीचा सुगंधी धूर तेथेच आणि गाड्या-कारखान्यांचा धूरही तेथेच. त्याला जाण्यास दुसरी जागा नाही.

यशोदेवर पुढच्याच क्षणी मायेचे पटल पडले. पाहिलेले विसरून तिने मुलाला मांडीवर घेतले. अँडर्स विसरले नाहीत. चंद्र धुंडायला गेलो आणि पृथ्वी गवसली, अशा आशयाचे ते पुढे अनेकदा बोलले. २०२४ साली, वयाच्या ९०व्या वर्षी, त्यांचे निधन झाले.