पाचवे कारण

1 जुलै 2023 रोजी मध्यरात्र उलटल्यावर नागपूरहून पुण्याकडे निघालेली खासगी बस समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ उलटली आणि पेटली. 25 प्रवासी गेले. काही दिवसांतच त्या जागी भाविकांनी जप करून ‘महामृत्युंजय यंत्र’ बसवले. या टापूत आता अपघात होणार नाहीत, असा त्यांचा दावा होता. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी हरकत घेतली, गुन्हाही नोंदवला गेला.

या माणसांना वेड्यात काढणे सोपे आहे. पण बोरघाट चढताना शिंगरोबाच्या देवळापुढे नाणे टाकणारा ट्रकचालक आणि दसऱ्याला गाडीला झेंडूचा हार घालणारे आपण त्यांच्यापासून फार दूर नाही. रस्त्यावर आपला जीव आपल्या हाती नसतो, ही जाणीव या साऱ्यामागे आहे आणि ती खोटी नाही. प्रश्न पुढचा आहे: आपल्या हाती नाही म्हणजे दैवाच्या हाती, असे म्हणता येते का?

गीतेच्या अठराव्या अध्यायात कोणत्याही कर्माच्या सिद्धीला पाच कारणे सांगितली आहेत: अधिष्ठान, कर्ता, साधने, नाना प्रकारच्या चेष्टा आणि पाचवे दैव. ज्ञानेश्वरांनी त्यांचे सविस्तर विवरण केले आहे. भाष्यकार अधिष्ठान म्हणजे देह घेतात. अपघाताच्या बाबतीत तिथे रस्ता ठेवून पाहावा. मग चालक हा कर्ता, ब्रेक आणि टायर ही साधने, वेग, डुलकी, चुकीचे ओव्हरटेक या चेष्टा. दैव नाकारलेले नाही, पण ते चौघांच्या सोबतीने येते. आपण मात्र अपघाताच्या दुसऱ्या दिवशी पहिली चार कारणे पुसून टाकतो आणि पाचव्यापुढे हात जोडतो.

केंद्र सरकारच्या अहवालानुसार 2022 मध्ये देशात रस्त्यांवर 1,68,491 माणसे मेली, त्यांतली 15,224 महाराष्ट्रात. सुमारे 71 टक्के मृत्यू अतिवेगाशी जोडलेले होते. हेल्मेट नसलेले 50,029 होते. एवढ्या माणसांचे प्रारब्ध नेमके हेल्मेटविना प्रवासातच कसे फळाला येते?

नोव्हेंबर 2019 मध्ये आळंदीकडे निघालेल्या नामदेव महाराजांच्या दिंडीत, दिवे घाटात, ब्रेक निकामी झालेला जेसीबी घुसला. दोन वारकरी मृत्युमुखी पडले, त्यांत संत नामदेवांचे वंशजही होते. मुखी विठ्ठलाचे नाव घेऊन चालणाऱ्यांच्या वाट्याला हे का यावे, याचे उत्तर कोणाकडेच नाही. कर्मसिद्धान्त मानणारा म्हणेल, ते त्यांचे प्रारब्ध. घटकाभर मान्य करू. पण त्याच सिद्धान्तात क्रियमाण कर्मही आहे, आज होत असलेले, ज्याचे फळ करणाऱ्याला चुकत नाही. घाटात उतरणाऱ्या यंत्राचा ब्रेक तपासायचा की नाही, हे कोणाचे तरी क्रियमाणच असते. मेलेल्याच्या प्रारब्धाने जिवंत माणसाची जबाबदारी फिटत नाही. कर्माचे नाव घेऊन ती झटकणे हा अधर्म आहे.

स्वीडनच्या संसदेने ऑक्टोबर 1997 मध्ये ठरवले की रस्त्यावर एकही मृत्यू किंवा गंभीर इजा मान्य करायची नाही. त्यामागचा विचार असा: माणूस चुकणार, डुलकी घेणार, त्याचे लक्ष विचलित होणार, त्या चुकीची शिक्षा मृत्यू नसावी, ही काळजी रस्ता बांधणाऱ्याने घ्यायची. समोरासमोरची टक्कर टाळायला त्यांनी दोन दिशांमध्ये पोलादी दोरांचे कठडे घातले, वस्तीत वेग उतरवला. तेव्हा वर्षाला पाचशेहून अधिक मृत्यू होत. अलीकडे ते दोनशेच्या आसपास आले आहेत. चालकाचा दोष त्यामुळे नाहीसा होत नाही. मात्र दोषाच्या वाटेकऱ्यांत अभियंता, कंत्राटदार आणि सही करणारा अधिकारीही येतात.

हे फक्त थंड, श्रीमंत देशांत होते असे नाही. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर 2016 पासून सेव्हलाइफ फाउंडेशन, रस्ते विकास महामंडळ आणि पोलीस यांनी मिळून काम केले. कडेचे उघडे खांब व कठीण बांधकामे कठड्यांनी झाकली, कडेला उभ्या राहणाऱ्या ट्रकांवर आणि वेगावर लक्ष ठेवले. पुढच्या काही वर्षांत मृत्यू निम्म्याहून कमी झाले. बोरघाट तोच होता, शिंगरोबाही तोच होता.

मुलगा गमावलेल्या आईला कोणी म्हणाले, ‘त्याची वेळच आली होती’, तर तिथे वाद घालू नये. तो शब्द तिला रात्र काढायला उपयोगी पडतो. सांत्वनाचा तो अधिकार शोक करणाऱ्या घराचा आहे. बांधकाम खात्याला, परिवहन कार्यालयाला, ट्रॅव्हल्सच्या मालकाला तो नाही.

अर्ध्या किलोमीटरच्या टप्प्यात तीन वर्षांत मृत्यू किंवा गंभीर इजेचे पाच अपघात झाले, किंवा दहा माणसे मेली, की तो टप्पा ‘ब्लॅक स्पॉट’ ठरतो. जिल्ह्यात रस्ता सुरक्षा समिती असते आणि जिल्हाधिकारी तिचे अध्यक्ष असतात. आपल्या तालुक्यातल्या अशा जागांची यादी त्यांच्याकडे मागा, आणि प्रत्येक जागी काय दुरुस्ती झाली, ते लेखी विचारा.